केस परत खाली आली, तीही ‘लवकर निकाल लावा’ म्हणून: म्हणजे नेमकं काय झालं?

‘वरच्या कोर्टानं केस परत खाली पाठवलीय, सहा महिन्यांत निकाल लावा म्हणून सांगितलंय.’ तालुक्याच्या कोर्टाच्या आवारात हे वाक्य फोनवर नेहमी ऐकू येतं. आपण जिंकलो की हरलो, हे सांगणाऱ्यालाच धड कळलेलं नसतं. त्यात त्याची चूक नाही. या एका वाक्यात दोन वेगवेगळ्या प्रकारचे हुकूम बसतात आणि आपल्या वाट्याला त्यातला कोणता आलाय, हे निकालपत्र उघडल्याशिवाय समजत नाही.

आधी सोपा प्रकार घेऊ. दावा खालच्या कोर्टात चालूच आहे, अजून निकाल नाही. दाव्यासोबत वादीनं तूर्तातूर्त मनाईचा अर्ज दिलाय, म्हणजे दावा चालू असेपर्यंत समोरच्याला बांधकाम करू देऊ नका, जमीन विकू देऊ नका, असं काहीतरी. हा अर्ज बहुतेक फायलींत ‘निशाणी ५’ असतो आणि वकील त्याला त्याच नावानं ओळखतात. अर्ज मंजूर होवो वा नामंजूर, नाराज बाजू जिल्हा न्यायालयात जाते आणि तिथून उच्च न्यायालयात. यात तीन-चार वर्षं सहज निघून जातात आणि मूळ दाव्यात मात्र मुद्देसुद्धा, म्हणजे कोर्टानं ठरवायचे नेमके प्रश्न, निघालेले नसतात. अशा वेळी उच्च न्यायालय म्हणतं, मनाईवर किती काळ भांडणार? आहे ते ‘जैसे थे’ राहू द्या आणि दावाच एक वर्षात निकाली काढा. वकील सांगतात, ‘सुनावणी एक्स्पेडाइट करून घेतली.’ यात कुणी जिंकलेलं नाही, कुणी हरलेलंही नाही. केस ‘परत’ आली असंही खरं तर म्हणता येत नाही, कारण ती खालीच होती. वर गेला होता तो फक्त एक अर्ज.

दुसरा प्रकार जास्त गुंतागुंतीचा. दावा पूर्ण चालला, साक्षीपुरावे झाले, निकाल लागला, हुकूमनामा, म्हणजे निकालाप्रमाणे कुणाला काय मिळालं याचा औपचारिक हुकूम, तयार झाला. हरलेल्यानं अपील केलं आणि अपील कोर्टानं तो निकाल रद्द करून सांगितलं की दावा पुन्हा चालवा. वकिलांच्या तोंडी ही केस ‘रिमांड’ झाली. (पोलीस कोठडीशी याचा काही संबंध नाही.) इथे खाली जिंकलेल्याचा विजय पुसला गेलेला असतो. तो कायमचा गेला असंही नसतं, पण हातात आता काही उरलेलं नसतं. त्या हुकूमनाम्यावर ताबा घेऊन झाला असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ खाली तो परत मागण्याचा मार्गही समोरच्याला मोकळा होतो.

एक नेहमीचं उदाहरण घेऊ. दोन शेजारी, मध्ये बांध. एकाचं म्हणणं, समोरच्यानं बांध कोरत कोरत माझी चार गुंठे जमीन आत घेतली. दावा दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर यांच्यापुढे चालला. वादीनं आपली खाजगी मोजणी दाखल केली. प्रतिवादी म्हणाला, मला मोजणीची नोटीसच मिळाली नाही. कोर्टानं वादीची मोजणी ग्राह्य धरली आणि अतिक्रमण काढा असा हुकूमनामा दिला. प्रतिवादी अपिलात गेला. जिल्हा न्यायाधीशांनी कागद पाहिले आणि त्यांना वाटलं, दोन्ही गटांची सामाईक मोजणी झाल्याशिवाय या भांडणाचा निकाल लागूच शकत नाही. हद्दीच्या वादात हे म्हणणं बहुधा बरोबरच असतं.

आता त्यांच्यापुढे रस्ते किती आहेत, ते पाहू. त्याच संहितेचं कलम १०७ अपील कोर्टाला चार गोष्टी करू देतं: स्वतः अंतिम निकाल देणं, केस परत पाठवणं, नवे मुद्दे काढून तेवढेच खाली चौकशीला पाठवणं, किंवा जादा पुरावा घेणं. शिवाय मूळ कोर्टाला जे अधिकार आहेत ते बहुतेक सगळे अपील कोर्टालाही आहेत. म्हणजे जिल्हा न्यायाधीश स्वतःच कोर्ट कमिशनर नेमून भूमी अभिलेख खात्याकडून मोजणी करून घेऊ शकतात, अहवाल आला की दोन्ही बाजूंच्या हरकती ऐकू शकतात आणि निकाल देऊ शकतात. किंवा ऑर्डर ४१, नियम २५ खाली ‘अतिक्रमण आहे का, असल्यास किती’ एवढाच मुद्दा काढून खाली पाठवू शकतात. यात अपील मरत नाही. ते वरच थांबून राहतं, खालचं कोर्ट पुरावा घेऊन आपला निष्कर्ष वर कळवतं आणि अपील तिथून पुढे चालतं.

आणि तिसरा रस्ता: निकालच रद्द करा, सगळी केस खाली पाठवा, ‘सहा महिन्यांत निकाली काढा’ असं शेवटी जोडा.

तिसरा रस्ता इतक्या सहज का निवडला जातो? माझं स्पष्ट मत असं की त्यानं अपील कोर्टाच्या बोर्डावरचं, म्हणजे कामांच्या यादीतलं, एक जुनं अपील निकाली निघतं. आकडेवारीत ते ‘निकाली’ दिसतं. पक्षकाराच्या हिशेबी मात्र केस जिथून निघाली तिथेच पोहोचलेली असते. दोन वर्षांनी नवा निकाल लागेल, त्यावर हरलेली बाजू पुन्हा अपील करेल, आणि पुन्हा त्याच जिल्हा न्यायालयात, बहुधा वेगळ्या न्यायाधीशांपुढे, पहिल्यापासून युक्तिवाद. ‘लवकर’ हा शब्द लिहिला म्हणून हा फेरा काही वाचत नाही.

हे काही माझ्या एकट्याचं रडगाणं नाही. खालच्या कोर्टाची कारणमीमांसा काही बाबतींत चुकली, एवढ्यावरून केस परत पाठवू नये, त्यानं निष्कारण उशीर होतो, असं सर्वोच्च न्यायालयानं १९९९ मध्येच म्हटलं होतं. त्यानंतरही अनेकदा म्हटलंय. कायद्याची रचनाही तशीच आहे. ऑर्डर ४१ चा नियम २३ लागू होतो तो खालच्या कोर्टानं एखाद्या प्राथमिक मुद्द्यावरच दावा निकालात काढला असेल तेव्हा. उदाहरणार्थ, दावा मुदतबाह्य आहे म्हणून पुरावा न घेताच फेटाळला आणि अपिलात ते चूक ठरलं. मग परत पाठवण्यावाचून गत्यंतर नसतं, कारण वर निकाल द्यायला पुरावाच नाही. १९७६ च्या दुरुस्तीनं नियम २३-अ आला. पूर्ण सुनावणीनंतरचा निकालही रद्द करून परत पाठवता येईल, पण निकाल उलटवायला हवा आणि फेरसुनावणी आवश्यक वाटायला हवी. लगेच पुढचा नियम २४ सांगतो की फायलीवर पुरेसा पुरावा असेल तर अपील कोर्ट स्वतःच निकाल देऊ शकतं. वाचलं तर इशारा पुरेसा स्पष्ट आहे.

परत आलेल्या केसचं खाली काय होतं, हे पक्षकाराला सहसा कुणी नीट समजावत नाही. नियम २३ सांगतो की दावा जुन्याच नंबरानं पुन्हा नोंदवला जातो. आधी झालेला पुरावा, म्हणजे सरतपास, उलटतपास, निशाण्या पडलेले कागद, हे सगळं कायद्याच्या अपवादांना धरून पुरावा म्हणून टिकतं. साक्षीदारांना पहिल्यापासून उभं करावं लागत नाही. काय नव्यानं करायचं, हे अपील कोर्टानं काय लिहिलंय यावर ठरतं. ‘फक्त मोजणीपुरतं’ असं लिहिलं असेल तर खालच्या कोर्टाला मालकीचा मुद्दा पुन्हा उकरता येत नाही. ‘सर्व मुद्दे खुले’ असं लिहिलं असेल तर मात्र सगळंच खुलं. म्हणून निकालपत्राचा शेवटचा परिच्छेद, ज्यात प्रत्यक्ष हुकूम असतो, तो दोनदा वाचावा. मधली वीस पानं वकील वाचतील.

मग फायलीचा प्रवास. अपील दाखल झाल्यावर खालच्या कोर्टातून सगळी मूळ कागदपत्रं वर मागवलेली असतात. कोर्टात त्याला ‘आर अँड पी’ म्हणतात. निकाल लागला की ते गाठोडं परत खाली यायला हवं. ते येईपर्यंत खालचे न्यायाधीश तरी काय करणार? रोजनाम्यात, म्हणजे त्या दिवशी काय झालं याच्या कोर्टाच्या नोंदीत, तारखेगणिक एकच ओळ पडत जाते: ‘आर अँड पी अप्राप्त.’ सहा महिन्यांतले दोन महिने असे गेले तर कुणाला नवल वाटत नाही. आणखी एक गळती समन्सची. फेरसुनावणीसाठी पुन्हा दोन्ही बाजूंना नोटिसा काढल्या तर बेलिफाची एक फेरी, पत्ता बदललेला, दुसरी फेरी. यावर उपाय १९७६ पासून कायद्यात आहे. नियम २६-अ म्हणतो की केस परत पाठवताना अपील कोर्टानंच दोन्ही बाजूंनी खाली हजर राहण्याची तारीख ठरवून द्यावी. हुकमात अशी तारीख नसेल तर निकालाच्या दिवशी तिथल्या तिथे वकिलांनी ती मागावी. फुकटची गोष्ट आहे, आणि तरी मागायची राहते.

आता ‘सहा महिने’ या शब्दांकडे येऊ. ही मुदत संपली तर काय होतं?

दावा रद्द होत नाही. खालच्या न्यायाधीशांचा अधिकार संपत नाही. कुणी आपोआप जिंकत नाही. न्यायाधीश वरच्या कोर्टाला पत्र लिहून मुदतवाढ मागतात, कारणं देतात, आणि ती बहुधा मिळते. फाईल ‘टाइम बाउंड’ म्हणून वेगळी ठेवली जाते, तारखा जवळच्या पडतात, तहकुबी मागणाऱ्या वकिलाला दोन शब्द ऐकावे लागतात. हा परिणाम खरा आहे आणि त्याला कमी लेखू नये. पण ‘सहा महिने म्हणजे सहा महिने’ अशी खात्री मनाशी धरून कर्ज काढू नये की पोरीचं लग्न ठरवू नये.

मुदती घालून देण्याच्या या पद्धतीवर सर्वोच्च न्यायालयानंच पुनर्विचार केलाय. २०१८ मध्ये एशियन रिसर्फेसिंग प्रकरणात तीन न्यायाधीशांनी म्हटलं होतं की खटल्याला किंवा दाव्याला मिळालेली स्थगिती, कारणं नोंदवून वाढवली नाही तर, सहा महिन्यांत आपोआप उठेल. हेतू चांगला होता: स्थगिती घेऊन वर्षानुवर्षं झोपणाऱ्यांना चाप. पण वरच्या कोर्टात आपली तारीखच लागत नाही, त्यात माझा काय दोष, असं म्हणणाऱ्या प्रामाणिक माणसाची स्थगितीही त्यात उडू लागली. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठानं तो निकाल फिरवला. मुख्य निकालपत्र न्यायमूर्ती अभय ओक यांचं. ओकांनी वकिली सुरू केली ती ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात, त्यामुळे खालच्या कोर्टाचा बोर्ड कसा असतो हे त्यांना कुणी सांगायला नको होतं.

त्याच निकालात आपल्या विषयाचं सांगितलंय. घटनात्मक न्यायालयांनी, म्हणजे उच्च आणि सर्वोच्च न्यायालयांनी, इतर कोर्टांतल्या केसेसना मुदत ठरवून देणं एरवी टाळावं. अगदी अपवादात्मक परिस्थितीतच तसा हुकूम द्यावा. कोणती केस आधी घ्यायची, हे ज्या कोर्टात ती पडून आहे त्याच कोर्टावर सोडणं बरं, कारण तिथली परिस्थिती त्यालाच ठाऊक. यामागचा तर्क साधा आहे. देशातल्या जिल्हा आणि तालुका न्यायालयांत चार कोटींहून जास्त प्रकरणं पडून आहेत. एका न्यायाधीशाच्या दिवसात तास ठरलेले. उच्च न्यायालयापर्यंत जाऊन ‘लवकर’ असा शिक्का आणणारा माणूस पुढे सरकला की त्याच बोर्डावरची दुसरी कुठलीतरी केस मागे ढकलली जाते. ती कदाचित जुनीही असेल. आणि मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर किंवा आता कोल्हापूरला जाऊन वकील लावण्याची ऐपत नाही, म्हणूनच ती तिथे पडून असेल.

घाईचं दुसरं टोक पाहायचं तर महाराष्ट्राच्याच एका खटल्याकडे वळावं लागतं. बॅरिस्टर अ. र. अंतुले यांनी जानेवारी १९८२ मध्ये मुख्यमंत्रिपद सोडलं आणि त्याच वर्षी त्यांच्याविरुद्ध भ्रष्टाचाराची खाजगी फिर्याद विशेष न्यायाधीशांपुढे दाखल झाली. प्रकरण आमदाराला ‘लोकसेवक’ म्हणायचं का, या कायदेशीर प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयात गेलं. १६ फेब्रुवारी १९८४ रोजी पाच न्यायाधीशांनी त्यावर निकाल दिला आणि जाता जाता आणखी एक हुकूम केला: आधीच खूप वेळ गेलाय, तेव्हा हा खटला विशेष न्यायाधीशांकडून काढून मुंबई उच्च न्यायालयाकडे द्या, आणि तिथे तो रोजच्या रोज चालवून लवकर संपवा. खटला नेहमी खाली जातो, इथे तो वर गेला. उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींनी एखाद्या सत्र न्यायाधीशासारखे पुरावे नोंदवायला सुरुवात केली. पन्नासहून जास्त साक्षीदार तपासले गेले.

आणि २९ एप्रिल १९८८ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्याच सात न्यायाधीशांच्या पीठानं बहुमतानं सांगितलं की १९८४ चा तो हुकूम चुकीचा होता. असा खटला विशेष न्यायाधीशच चालवू शकतात, असं कायदा म्हणतो. उच्च न्यायालयात तो चालवल्यामुळे आरोपीचा तिथे दाद मागायचा हक्कच हिरावला गेला. आणि त्या मुद्द्यावर त्याचं म्हणणं कुणी ऐकूनही घेतलं नव्हतं. चार वर्षांचं काम पुसलं गेलं. वेळ वाचवण्यासाठी दिलेल्या हुकमानं गेलेला हा वेळ.

गंमत पुढेच आहे. याच वादातून लवकर खटला चालवण्याच्या हक्कावरचा निकाल निघाला. डिसेंबर १९९१ मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठानं अंतुले प्रकरणातच म्हटलं की जलद खटला हा घटनेच्या कलम २१ मधला हक्क आहे आणि तो तपासापासून अपिलापर्यंत सगळ्या टप्प्यांना लागू होतो. मात्र सगळ्या खटल्यांना चालेल अशी एकच ठोक मुदत कोर्टाला आखून देता येणार नाही. उशीर कुणामुळे झाला, किती झाला, आरोपीचं त्यात काय नुकसान झालं, हे प्रत्येक प्रकरणात वेगळं पाहावं लागेल. नंतरच्या काही निकालांनी अशा मुदती घालून पाहिल्या, तेव्हा २००२ मध्ये सात न्यायाधीशांनी त्या चुकीच्या ठरवल्या.

फौजदारी बाजूला फेरखटला हा त्यामानानं दुर्मीळ प्रकार. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४२७ मध्ये (जुनं कलम ३८६) त्याची तरतूद आहे, पण आरोपीला दुसऱ्यांदा सगळ्यातून जायला लावायचं तर कारणही तेवढंच भारी लागतं. वडोदऱ्याच्या बेस्ट बेकरी हत्याकांडाचा खटला आधी तिथल्या जलदगती न्यायालयात चालला, साक्षीदार उलटले आणि जून २००३ मध्ये सगळे २१ आरोपी सुटले. गुजरात उच्च न्यायालयानं ते कायम ठेवलं. सर्वोच्च न्यायालयानं एप्रिल २००४ मध्ये फेरखटल्याचा हुकूम दिला, तोही गुजरातबाहेर, महाराष्ट्रात. मुंबईत माझगावच्या न्यायालयात तो चालला आणि २४ फेब्रुवारी २००६ रोजी नऊ जणांना जन्मठेप झाली. २०१२ मध्ये उच्च न्यायालयानं त्यातल्या चौघांची शिक्षा कायम ठेवली. पहिला खटला झटपट उरकला होता, आणि नेमकं तेच पुन्हा करावं लागलं.

पुन्हा आपल्या बांधाच्या दाव्याकडे. खाली जिंकलेला वादी आता काय करू शकतो?

पहिली गोष्ट: परत पाठवण्याचा हुकूमच मान्य नसेल तर त्याविरुद्ध उच्च न्यायालयात ९० दिवसांच्या आत अपील करता येतं (ऑर्डर ४३). तिथे कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न दाखवावा लागतो, म्हणजे ‘मला निकाल पटला नाही’ एवढं पुरत नाही. पण करायचं असेल तर आत्ताच. कलम १०५(२) म्हणतं की ज्या परत पाठवणीविरुद्ध अपील करता येत होतं आणि केलं नाही, ती बरोबर होती की चूक, हा प्रश्न नंतर काढता येणार नाही. बरेच जण ‘बघू खाली काय होतं ते’ म्हणून बसून राहतात आणि मग हे कलम समोर येतं.

अपील करायचं नसेल तर मग उशीर करू नये. सही-शिक्क्याची नक्कल लगेच मागवावी. पहिल्याच तारखेला पुरसिस, म्हणजे लेखी निवेदन, देऊन सांगावं की हुकमाप्रमाणे एवढंच काम उरलंय, आमचे एवढेच साक्षीदार. मोजणीची फी भरायची असेल तर त्याच आठवड्यात भरावी. कमिशनर नेमला आणि फी दोन महिने भरली नाही, हे रोजनाम्यात दिसतं. रोजनाम्याची नक्कल अधूनमधून काढून ठेवावी. ‘प्रतिवादीतर्फे तहकुबी अर्ज. मंजूर, खर्च रु. ५००’ अशा ओळी जमल्या की मुदत कुणामुळे हुकली हे वरच्या कोर्टाला दाखवायला वेगळं काही लिहावं लागत नाही. तारखा ई-कोर्ट्सच्या ॲपवर सीएनआर नंबर (केसचा ओळख क्रमांक) टाकून पाहता येतात, पण ॲपवर पुढची तारीख दिसते, ती का पडली हे रोजनामाच सांगतो. काही प्रकारांत अपिलावर भरलेली कोर्ट फीही परत मिळते. ते वकिलांना आठवणीनं विचारावं.

जुन्या दाव्यांत आणखी एक फट असते, ती म्हणजे माणसं वारतात. पक्षकार वारला तर ९० दिवसांत त्याचे वारस लावायचे असतात. उत्तराखंडमधला १९८२ चा एक दावा २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आला, तेव्हा ४१ वर्षांनंतरही मृत वादीच्या जागी कोणाला घ्यायचं यावरच भांडण चालू होतं. न्यायालयानं दावा लवकर निकाली काढायला सांगितलं आणि त्या निमित्तानं देशभरच्या दिवाणी न्यायालयांना समन्सपासून युक्तिवादापर्यंतच्या टप्प्यांसाठी सूचनाही दिल्या. घरातल्या म्हाताऱ्या माणसाच्या नावावर दावा असेल तर वारसांची नावं, वयं, पत्ते आधीच लिहून ठेवायला काही हरकत नाही.

आणि निकाल पुन्हा आपल्या बाजूनं लागला, तरी चार गुंठे आपोआप परत येत नाहीत. त्यासाठी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, करावी लागते, आणि तिथे वेगळी रांग आहे. दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढून घ्या, असं सर्वोच्च न्यायालयानं मार्च २०२५ मध्ये सगळ्या उच्च न्यायालयांना सांगितलं. ऑक्टोबरमध्ये आढावा घेतला तेव्हाही देशात ८.८२ लाख दरखास्ती पडून होत्या, त्यातल्या ३.४१ लाख एकट्या महाराष्ट्रात. ताब्याच्या हुकूमनाम्याची दरखास्त १२ वर्षांपर्यंत करता येते. पण ‘कुंपण काढा’, ‘भिंत पाडा’ असा, समोरच्याला काही करायला लावणारा मनाईहुकूम असेल तर मुदत फक्त ३ वर्षांची आहे, आणि ती हुकूमनाम्याच्या तारखेपासून, किंवा काम करायची तारीख ठरवून दिली असेल तर त्या तारखेपासून, धावायला लागते.